मिसाओची पट्टी

घशाच्या शस्त्रक्रियेनंतर मिसाओ हिरानुमा पहिल्यांदाच मंचावर जाणार होती, तेही आपल्या गावी, कुशिरो बंदरातल्या सभागृहात. बाहेर कोळ्यांची अख्खी वस्ती येऊन बसली होती. किमोनोचा पट्टा करकचून बांधलेला. तिला श्वास पुरेना.

व्यवस्थापक तोकुनागा रंगपटात आला आणि त्यानं दार लावून घेतलं.

"टेप तयार आहे. तू नुसते ओठ हलव."

"आवाज कोणाचा त्यात?"

"तुझाच. ऑपरेशनच्या आधीचा."

"मग तो आता माझा नाही."

"शब्दांचा कीस पाडू नकोस. वरचा सूर फाटला, तर पेपरवाले तुला जिवंत गाडतील."

"पट्टी उतरवून, खालच्या सुरात गाते."

कोपऱ्यात संगीतकार इशिगुरो बसले होते. मासळीबाजारात हेरिंग साफ करता करता गाणाऱ्या या पोरीला त्यांनीच तोक्योला नेलं होतं.

"पट्टी उतरवलीस," ते शांतपणे म्हणाले, "तर ते गाणं माझं राहणार नाही."

मिसाओ कमरेत वाकली. "मग आज माझं म्हणून गाते, गुरुजी. रागवा हवं तर."

तिनं वाद्यवृंदाच्या प्रमुखाला दोन सूर खाली उतरायला सांगितलं आणि पडद्याबाहेर पाऊल टाकलं.

पहिलं कडवं निभावलं. दुसऱ्यात सूर चढू लागला आणि आवाज चरकन फाटला. वाद्यं अडखळून थांबली. पडद्याआड तोकुनागाचं बोट टेपच्या बटणावर होतं. तो तिच्याकडेच बघत होता. तिनं मान हलवली. नाही.

पण पुढं काय, ते तिलाही ठाऊक नव्हतं.

तेवढ्यात मागच्या रांगेतून कुणा म्हातारीचा आवाज आला, "सावकाश गा गं, मिसाओ. आम्हाला कुठं जायचंय?"

कोणीतरी खुदकन हसलं. मिसाओनं डोळे मिटले, वाद्यांची वाट न बघता आणखी खाली सूर धरला आणि एकटीच गाऊ लागली. आवाज खरबरीत होता, जागोजागी नुसता वारा. वाद्यं चाचपडत मागून आली. तिनं शेवटची ओळ पुरी केली.

इशिगुरो गुरुजी शेवटचं कडवं संपायच्या आत निघून गेले; पुढं ते तिच्याशी कधीच बोलले नाहीत. महिनाभरात रेकॉर्ड कंपनीनंही हात झटकले.

तोकुनागा तेवढा टिकला. बडबडत, शिव्या घालत तो तिला गाडीतून गावोगावच्या छोट्या हॉलमध्ये नेऊ लागला.

"आज किती खाली गाणार आहेस?" तो विचारायचा.

"गळा नेईल तिथवर," मिसाओ म्हणायची आणि खिडकीची काच वर करून घ्यायची, कारण थंड वाऱ्यानं घसा लगेच बसायचा.