बिघडलेला ठोका

आमच्याकडे पायाखालची जमीन हलली तरी कुणी दचकत नाही. भिवंडीच्या निजामपुऱ्यात घराला घर चिकटलेलं आणि घराला कारखाना. मागच्या गल्लीतले लूम, म्हणजे यंत्रमाग, सुरू झाले की आमच्या मांडणीतली भांडी वाजतात, फळीवरचा डबा सरकत कडेला येतो आणि येताजाता कुणीतरी तो मागे ढकलतं. लग्न होऊन आले तेव्हा त्या आवाजाने मला झोप लागत नसे. आता लूम बंद पडले की जाग येते.

त्या सकाळी लाइट गेली होती आणि गल्ली गप्प होती. घरातली सगळी अंबाडीला लग्नाला गेलेली. माझे सासरे काळूराम गुडघे दुखतात म्हणून मागे राहिले, आणि त्यांच्यावर नजर ठेवायला मी. नजर ठेवावीच लागते. आमचे लूम विकून जमाना झाला, तरी बाबा डोळा चुकवून मागच्या कारखान्यात जातात आणि कारागिरांना, लूम दुरुस्त करणाऱ्या जॉबरलाही, शहाणपण शिकवतात. जेवता जेवता घास हातात धरून थांबतील आणि म्हणतील, "एक लूम बिगारला." आणि खरंच बिघडलेला असतो. गुडघे मात्र फक्त लग्नाला जाताना दुखतात. म्हणून माझ्या लेकाने, सार्थकने, निघताना शटरला बाहेरून कुलूपच घातलं.

आम्ही तळमजल्यावर होतो; लूम गेल्यापासून तिथे सुताचं गोदाम आहे. बाबा खुर्चीत, मी सुताच्या गोणीवर बसून गवार मोडत होते. फळीवरचा डबा किणकिणला. बाबांचा चेहरा खुलला. "लाइट आली," म्हणाले.

"बरं झालं, वाटण लावून घेते," मी म्हणाले आणि उठले.

मी शाळेत विज्ञान शिकवते. भूकंपाची पहिली लाट वेगाने येते आणि नुसती हलवून जाते, नुकसान करणारी दुसरी लाट तिच्या मागून येते, मधला वेळ हाच आपला, हे मी दरवर्षी फळ्यावर काढून दाखवते. ती पहिली लाट माझ्या घरी आली आणि मी तिला लाइट समजून मिक्सरकडे निघाले. वर बघितलं तर पंखा फिरत नव्हता. तेव्हा कुठे डोक्यात प्रकाश पडला. मी बाबांना दंडाला धरून खुर्चीतून ओढलं आणि कापडाच्या घड्या घालायच्या जुन्या सागवानी टेबलाखाली ढकललं. मी आत शिरते न शिरते तोच घर खाली बसलं.

बसलं म्हणजे खरंच बसलं. डोळे उघडले तेव्हा वरचा स्लॅब तिरपा होऊन टेबलावर आणि सुताच्या गोण्यांवर टेकला होता. मला कुशीवर वळण्याइतकी जागा होती. बाबांना तेवढीही नव्हती. त्यांचा एक पाय गुडघ्याखाली कशात तरी अडकला होता आणि हात लावला की ते कण्हत होते.

मला त्यांचा भयंकर राग आला. टेम्पो आत यावा म्हणून गेल्या वर्षी त्यांनी तळमजल्याच्या दोन भिंती पाडल्या. मी घसा फोडून सांगितलं होतं, की भुजच्या भूकंपात खालचा मजला मोकळा ठेवलेल्या किती इमारती अशाच गुडघ्यात वाकल्या; नुसते खांब उभं वजन पेलतात, आडवा हिसका बसला की भिंती लागतात. "तुजी शाळा शाळेत," बाबा म्हणाले होते. आता अंधारात मी म्हणाले, "पाडा अजून भिंती." माझं बोलणं त्यांनी ऐकून घेतलं याचीच मला भीती वाटली.

पुढच्या बाजूने माणसांचे आवाज आले. "बाहेरून कुलूप हाय. समदी अंबाडीला गेल्यात लग्नाला." दुसरा म्हणाला, "नशीब. मग जेसीबी येऊ दे. रस्ता मोकळा करायला लागंल." मी जिवाच्या आकांताने ओरडले. तोंडात धूळ गेली आणि ठसक्याशिवाय काही निघेना. टेबलावर टेकलेला स्लॅब जेसीबीने एकदा ओढला, की आमचा कारभार आटोपला. बाबांना मी हे सांगितलं नाही. त्यांना ते कळलं होतं.

आणि मग खरोखरच लाइट आली. मागच्या कारखान्याचं पत्र्याचं बैठं छप्पर जागच्या जागी होतं, त्याला काय धाड भरली होती! भिवंडीत जमीन हलो नाहीतर आभाळ कोसळो, पार्टीला माल वेळेवर द्यायचा असतो. एकेक करत लूम सुरू झाले आणि उरलासुरला माझा आवाजही बुडाला.

हाताला आमच्या जुन्या लुमांचा एक धोटा लागला, लुमात आडवा धागा घेऊन पळतो तो. लाकडी, पण टोकाला लोखंड. शेजारी पाण्याचा पाइप होता आणि तो मागच्या भिंतीतून कारखान्याकडे जात होता. अडकलात तर ओरडून दम घालवू नका, पाइपवर ठोका, हेही मीच मुलांना शिकवते. मी ठोकायला लागले. खट खट, खट खट. ठोकत राहिले. हाताला रग लागली, बोटं सोलली, कुणी आलं नाही. बाबांचा श्वास बारीक होत चालला. मी त्यांना हाका मारत होते आणि ठोकत होते.

एकदा हातात गोळा आला आणि ठोका चुकला. बाबा चटकन म्हणाले, "कंचा लूम बिगारला? जॉबरला बोलव."

त्यांना भ्रम झाला असं वाटून मला रडू आलं. रडता रडताच कळलं. मी इतका वेळ लुमाच्याच ठेक्यात ठोकत होते! इतकी वर्षं भिंतीपलीकडून ऐकलेला ठेका हातात भिनला होता. एवढ्या लुमांत माझा एक जास्त लूम चालू होता, आणि नीट चालणाऱ्या लुमाकडे या गावात कोण बघतो?

मी ठेका मोडला. दोन ठोके, मग थांबायचं. एक जोरात. मग तीन घाईघाईने. हात पुन्हा पुन्हा जुन्या वळणावर जात होता, मी त्याला शिव्या देत होते. पुढच्या बाजूला जेसीबीची घरघर आली आणि टेबलाखालची माती थरथरली.

मागे एक लूम थांबला.

मग दुसरा. बिघडलेला सापडेना, की जॉबर असाच एकेक लूम बंद करून कान देतो. बाबाही असंच करायचे. तिसरा थांबला. एकेक आवाज गळत गेला आणि माझे ठोके मलाच मोठे ऐकू यायला लागले. शेवटचा लूम बंद झाला तेव्हा मी घाबरून हात आखडला.

"थांबू नको," बाबा म्हणाले. "चालू ठेव."

मी ठोकलं. भिंतीपलीकडून कुणीतरी वैतागून ओरडलं, "अरे, सब तो बंद है! फिर ये किसका लूम चल रहा है?"

मी ओरडायला गेले तर पुन्हा ठसकाच लागला. बाबांनी छाती भरून श्वास घेतला.

"आमचा!" ते ओरडले. "आमचा हाय! काळूरामचा!"

पलीकडे पळापळ झाली. कुणीतरी गल्लीतून ओरडत पुढच्या बाजूला धावलं, आणि जेसीबीचं इंजिन बंद झालं.