रविवारची टाळी

नाउएलने फावड्याने निखारे ओढून जाळीखाली पसरले आणि बरगड्यांवर जाडं मीठ टाकलं. मागे बाप उभा होता, ओस्वाल्दो. त्याचा हात सारखा फावड्याकडे जात होता, पण त्याने तो खिशात घातला.

"जाळीवर तळवा धर. किती सोसवतंय बघ."

"बघितलं, बाबा. चटका बसलाय."

पाराना शहरातल्या या घरात रविवारची शेगडी पुरुषांची आणि कोशिंबीर बायकांची. नाउएल सोळा वर्षांचा. परवापरवापर्यंत घर त्याला मुलगी समजून कँडेला म्हणायचं आणि तो आत आजीजवळ टोमॅटो चिरायचा. आता त्याला मुलगा म्हणून वाढू देणारी औषधं सुरू व्हायची, तेवढ्यात अठराच्या आतल्यांना ती द्यायची नाहीत असा हुकूम निघाला. कोर्टात जायचं तर बापाची सही हवी होती, आणि अर्ज उद्याच द्यायचा होता.

"सही करीन," ओस्वाल्दो सकाळी म्हणाला होता, "पण चोरून नाही. आज जेवताना सगळ्यांना सांगतो, मांस माझ्या मुलाने भाजलंय म्हणून. एकदा तेवढं बोललो की पुढचं जमेल."

थोरला रुबेनकाका सगळे टेबलाशी बसल्यावर आला. तो लहान मुलांचा डॉक्टर. गुरुवारीच टीव्हीवर हुकमाच्या बाजूने भांडून आला होता.

"घरात तो विषय नको," आजी म्हणाली.

"मी कुठे काढतोय, आई? पस्तावलेली पोरं माझ्यासमोर रडतात. उद्या हिने विचारलं, काका, तेव्हा का नाही अडवलंत, तर मी काय सांगू?"

"आणि आज रडतोय त्याचं काय?" नाउएल म्हणाला.

काकाने ताट पुढे ओढलं. त्याचाही जीव होता पोरावर. त्याने बरगडीचा तुकडा तोंडात टाकला आणि डोळे मिटले.

"ओस्वाल्दो, आपल्या बाबांच्या हातची चव आणलीस रे. चला, भाजणाऱ्यासाठी टाळ्या."

रविवारची ही टाळी कधी चुकत नाही. टेबलभर टाळ्या वाजल्या, सगळे ओस्वाल्दोकडे वळले. नाउएल मांस ठेवलेली लाकडी फळी धरून उभा होता. तोही बापाकडेच बघत होता.

ओस्वाल्दोने भावाकडे पाहिलं. मग वडील करायचे तसा हात वर केला आणि टाळी घेतली.

नाउएलने फळी ठेवली, कोशिंबिरीचं रिकामं भांडं उचललं आणि आत जाऊन नळ सोडला. आजी मागोमाग आली.

"सोड ते. धुणंपुसणं आम्हा बायकांचं."

"माझंही तेच ठरलंय ना."

आजीने त्याचा तळवा उलटा केला. फोड फुटून त्यात मीठ झोंबत होतं. खिडकीतून ओस्वाल्दोचे पाव मोडणारे हात दिसत होते. स्वच्छ होते. तिने पोराचा हात पाण्याखाली धरला.

"सही आजीची चालते का रे?"

"नाही, आजी."

ती हात धरून तशीच उभी राहिली.