न उघडता केलेली सही

घड्याळवाल्या काकांचा एक तोरा होता. उघडून पाहिल्याशिवाय ते कुठल्याही घड्याळाबद्दल चकार शब्द काढत नसत. "सेल गेला असेल, काका," असं गिऱ्हाईक म्हणालं, की ते डोळ्याला भिंग लावत आणि म्हणत, "ते घड्याळालाच सांगू दे."

असा हा माणूस आयुष्यात एकदाच घसरला, तेही कागदावर. सात महिन्यांपूर्वी समोरच्या पंखेवाल्याच्या दुकानावर कर चुकवल्याच्या संशयावरून सरकारी धाड पडली. एकशेचाळीस पंखे ट्रकमध्ये चढले. मग एक अधिकारी पंचनामा घेऊन रस्ता ओलांडून आला. "काका, पंच म्हणून एक सही द्या. नुसता सोपस्कार आहे." काकांच्या चिमट्यात तेव्हा केसाएवढी स्प्रिंग होती. त्यांनी कागद न वाचताच सही ठोकली.

खरं सांगायचं तर त्यांना मनातून थोडं बरंही वाटलं होतं. पंखेवाल्याने नमुन्याचा पंखा रस्त्याकडे तोंड करून लावला आणि काकांचे तीन बारीक स्क्रू उडाले, तेव्हापासून दोघांत अबोला होता. जिरली एकदाची, असं काका मनात म्हणाले होते.

पंखेवाला कोर्टात गेला आणि काकांना साक्षीचं समन्स आलं. सोबत पंचनाम्याची नक्कल होती. काकांनी ती तेव्हा पहिल्यांदा वाचली: 'माल खोट्या भिंतीमागे लपवलेला आढळला.' त्यांच्या पायाखालची जमीनच सरकली. कसली भिंत? पंखे दुकानात दर्शनी भागात रचलेले असत, काकांना ते रोज दिसत. पंखेवाल्याचा उन्हाळा तर बुडालाच होता. आता या कागदाच्या जोरावर मालही कायमचा सरकारजमा होणार होता.

"खरं सांगितलं तर माझ्यावरच शेकेल," काका बायकोला म्हणाले.

"आणि नाही सांगितलं तर मीही बोलणं सोडेन. समोरचा बोलतच नाही. मग बसा घड्याळांशी गप्पा मारत."

कोर्टाची खोली लहान होती. भिंतीवरचं घड्याळ चार मिनिटं मागे होतं आणि ते काकांना सारखं टोचत होतं.

"ती भिंत तुम्ही पाहिलीत?" न्यायाधीश बाईंनी विचारलं.

सरकारी वकील लगबगीने उठले. "साक्षीदाराचं वय झालंय. आठवत नसेल."

"चांगलं आठवतंय," काका म्हणाले. "मी माझ्या दुकानातून हललोच नव्हतो, बाईसाहेब. तशी भिंत तिथे नाही. पंखे समोरच होते, तिथूनच ते ट्रकमध्ये चढताना मी पाहिले."

"मग सही का केलीत?"

"वाचलं नाही. आणि... माझं त्यांच्याशी पटत नव्हतं."

मागच्या बाकावर पंखेवाल्याने मान खाली घातली. काकांना त्या क्षणी स्वतःची भयंकर लाज वाटली.

"यासाठी तुमच्यावर कारवाई होऊ शकते. कल्पना आहे?"

"आत्ता आली."

लेखनिकाने जबाब टाइप करून पुढे सरकवला. "इथे सही करा, काका." जेवणाची सुट्टी व्हायची वेळ झाली होती. काकांनी खिशातून भिंग काढलं आणि एकेक ओळ वाचायला घेतली. सरकारी वकील फायली आवरू लागले. न्यायाधीश बाई मात्र पेन खाली ठेवून थांबल्या.

"इथे 'भिंत कदाचित नसावी' असं लिहिलंय," काका म्हणाले.

लेखनिक भला माणूस होता. तो हळूच म्हणाला, "राहू द्या ना. त्यानं तुम्हीच वाचाल."

"मी कदाचित म्हटलं नव्हतं. खोडा ते."

शब्द खोडला गेला. काकांनी त्याच्या शेजारी बारीक सही केली, मग खाली मोठी.

त्याच दुपारी जप्ती रद्द झाली आणि पंखेवाल्याचा माल परत करायचा हुकूम निघाला. काकांच्या नावाची नोटीस पुढच्या आठवड्यात आली. टपालवाला घाईत होता. "मिळाल्याची सही करा, काका, इथे खाली."

काकांनी त्याला बसायला स्टूल दिलं आणि भिंग डोळ्याला लावलं.