सुक्याच्या डब्यातले केस

पिशवीची गाठ सुटली आणि सुक्या बोंबलाचा असा भपकारा आला की राजरत्न खुर्चीसकट मागे सरकला.

"ताई, हे काय आणलंत? केस आणते म्हणाला होतात ना?"

"केसच हायेत रं भावा," समोरची बाई म्हणाली. "सुक्याच्या डब्यात ठेवले होते."

डोक्याला फुलाफुलांचा रुमाल, भुवया गळालेल्या, पण आवाज बाजारात मासळी विकणारीचा, तो आजारालाही बसवता आला नव्हता. चंद्रभागा तिचं नाव. ठाण्याच्या खाडीकाठची कोळीण. छातीतल्या गाठीवर इंजेक्शनं सुरू व्हायच्या आधी तिने आपली वेणी कापून घेतली होती. कापलेले केस घरात ठेवू नयेत, खाडीत सोडून दे, असं घरच्यांनी बजावलं. तिने मान डोलावली आणि वेणी सुक्या मासळीच्या डब्यात दडवली, कारण त्या डब्याला तिच्याशिवाय कोणी हात लावत नसे. सहा महिने ती वेणी बोंबलांच्या शेजारी निजली होती.

राजरत्नने दोन बोटांत धरून ती बाहेर काढली. मनगटाएवढी जाड. मुळाच्या बाजूला जाळ्याचा निळा दोरा, टोकाला लाल.

"कुठली बाजू कुठली ते कळाया पायजे ना," चंद्रभागा म्हणाली. "उलटसुलट झाले की गुंता होतो."

हे तिला कसं ठाऊक, याचं राजरत्नला नवल वाटलं. विगच्या धंद्यात मुरलेली माणसंही मुळं आणि टोकं एक करून बसतात.

घोडबंदर रोडवरच्या टॉवरखाली सिद्धेशचं विगचं दुकान होतं. पुढे आरसे, दिवे, थंड हवा. मागे पत्र्याची खोली, तिथे राजरत्न. पुढच्या भिंतीवर मोठे फोटो जोडीजोडीने लावलेले. डावीकडच्या फोटोतली बाई रडवेली आणि तिचे केस लाटालाटांचे. उजवीकडे तीच बाई हसरी आणि केस पट्टीने आखल्यासारखे सरळ. म्हणजे लाटेचे केस हा एक रोग आणि सिद्धेश त्याचा डॉक्टर!

"मावशी, तुमचे केस फ्रिझी आहेत," हा डॉक्टर सांगत होता. "विग बनवायचाच आहे, तर रेडीमेड सरळ घ्या ना. एकदम स्मूथ."

"आई, खरंच सरळ घे," सोबत आलेली मुलगी म्हणाली. ही वर्षाली. हिचं लग्न चाळीस दिवसांवर आलं होतं. नाकाला लावलेला रुमाल तिने बोलण्यापुरता बाजूला केला. "सगळे फोटो काढणारेत. तू कायम पिंजारलेलीच दिसतेस."

चंद्रभागेने लेकीकडे पाहिलं. रागावली नाही, पण हललीही नाही.

"तुज्या हळदीला मना माज्या डोक्यानं उभं राहाचंय," ती म्हणाली. "दुसरीचं केस घालून नाचली तर मीच मना ओळखाची नाय. माजा अंबाडा काट्याबिगर राहतो. सरळ केसांचा राहील का? विचार तुज्या या शेटला."

शेटला ते ठाऊक नव्हतं. शेटने आयुष्यात अंबाडा घातला नव्हता.

राजरत्नला केसांची किळस होती. हे वाचून कोणी हसेल, पण गोष्ट खरी आहे. लहानपणी आंबिवलीच्या चाळीत भाकरीत एक लांब केस निघाला, तेव्हापासून जाईबाईच्या, म्हणजे स्वतःच्या आईच्या हातची भाकरीही तो उजेडात धरून तपासत असे. पुढे तो कामाला होता ती कंपनी बंद पडली आणि मिळालं काय, तर विग विणायचं काम. ज्याला जे नको, तेच त्याच्या ताटात पडतं म्हणतात, ते असं. अठ्ठावीस वर्षं तो परक्या बायकांचे केस हाताळत होता. केसांवर भांडी देणाऱ्या बायका दारोदार फिरून गोळा करतात ते गुंतवळ पोत्याने यायचं. त्यात लिखा, साबणाचा गाळ, शिळ्या तेलाचा कुबट वास, एखादी टिकली, एकदा तर कोणाचा तरी दात. ते सोडवायचं, धुवायचं आणि ज्या केसांत लाट असेल ती औषधात बुडवून मोडायची. औषधाला सडक्या अंड्यांचा वास. वर पुन्हा चिमट्याची इस्त्री. जेवणाचा डबा तो या खोलीत कधीच उघडत नसे. जिन्यावर बसून, हात तीनदा धुऊन जेवायचा, आणि घरी दर्शनाने, त्याच्या बायकोने, डोक्याला फडकं बांधल्याशिवाय चुलीपाशी जायचं नाही असा नेम होता.

चंद्रभागेची वेणी त्याने सात वेळा धुतली. रिठा, लिंबू, पुन्हा रिठा. सातव्या पाण्यानंतर नाक जवळ नेलं, तेव्हा वास गेल्यासारखा वाटला. मग केस पंख्याखाली खडखडीत वाळवले आणि नेहमीसारखे खिळ्यांच्या फणीवरून ओढले. एकदा, दोनदा, दहादा.

दहाव्या वेळी त्याच्या हातात काथ्या होता. फुगलेला, रुक्ष, नारळाच्या शेंडीसारखा. त्याच्या अंगावर शहारा आला. हे त्या बाईच्या डोक्यावर ठेवायचं?

"बघितलंत?" सिद्धेश म्हणाला. "म्हणून सांगत होतो. औषध मारा आणि सरळ करून टाका. तिला काय कळतंय? तिचेच केस आहेत म्हणायचं."

तेवढ्यात चंद्रभागा डोक्याचं माप द्यायला आली. एकटीच. खुर्चीत बसून तिने रुमाल सोडला, आणि राजरत्नने टेप लावायच्या आधी नजर क्षणभर दुसरीकडे केली. तिला ते कळलं. मग तिची नजर टेबलावर गेली.

"हे कुणाचं?"

"तुमचेच. ताई, माल खराब निघाला. डब्यात राहून..."

चंद्रभागा हसायला लागली. हसता हसता तिला खोकला लागला, पाणी द्यावं लागलं.

"सुकं विंचरलंस?"

"विंचरायला नको?"

"इतकी वर्सं केसांत हात घालतोस, आनि सुक्याला फणी लावतोस? अरं, सरळ केसांना कवापण विंचर, ते मुकाट ऐकतात. या केसांची लाट एकमेकींना धरून राहते. सुकं ओढलंस की सगळ्या सुटतात, मंग पिंजारतात. मानसं बोलतात बाई गबाळी. बाई गबाळी नाय, बाईला कुनी शिकवलंच नाय."

तिने बादली मागितली. केस पुन्हा भिजवले. थेंबभर खोबरेल हाताला चोळून ओल्यातच बोटं फिरवली, वरून खाली, घाई न करता. मग म्हणाली, "एक जुना बनियन दे. टावेल नको, टावेल खरखरीत." राजरत्नकडे अंगातला बनियन सोडून दुसरा नव्हता. तो आतल्या कोपऱ्यात जाऊन काढून घेऊन आला, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्याला स्वतःच्या घामाची लाज वाटली. तिने नाक मुरडलं नाही. केसांची टोकं बनियनमध्ये धरून ती खालून वर दाबत गेली, पिळलं मात्र नाही.

"आता ठेव असंच. हात नको लावूस. पंखा पन बारीक."

तासाभराने काथ्याचं नाव उरलं नव्हतं. काळ्याभोर लाटा, एकीत एक बसलेल्या, भरतीनंतर ओल्या रेतीवर उमटतात तशा. राजरत्न बघत राहिला. असल्या किती लाटा त्याने औषधात बुडवून मारल्या होत्या, आणि प्रत्येक वेळी त्याला वाटलं होतं की आपण खराब केस नीट करतोय.

"तुज्या बायकोचं केस कसं?" चंद्रभागेने विचारलं.

त्याला सांगता येईना. तेहतीस वर्षांचा संसार, आणि त्याच्या डोळ्यांपुढे आलं ते फडकं.

त्या संध्याकाळी त्याने दर्शनाला विचारलं. ती कणीक मळत होती.

"काय झालंय तुम्हाला? आजारी-बिजारी आहात का?"

"सांग ना. सरळ की लाटेचे?"

"तेहतीस वर्षांनी विचारताय!" ती म्हणाली. फडकं तिने सोडलं नाही. थोड्या वेळाने, पाठ वळवूनच, पुढे म्हणाली, "होते लाटेचे. आता अर्धे गळाले."

राजरत्नने पुढचे पस्तीस दिवस तो विग विणला. बारीक आकड्याने जाळीच्या एकेका डोळ्यात दोन-दोन केस ओढून गाठ मारायची, निळ्या दोऱ्याची बाजू जाळीकडे, लालची बाहेर. डोळ्यांना पाणी यायचं. चंद्रभागा मधूनच येऊन बसायची, त्याचा आकडा बघायची, आणि म्हणायची, "आमच्यात जाळं विनतात, पन तुजी गाठ बारीक हाय." इंजेक्शनानंतरच्या दिवसांत तिला बसवत नसे. तेव्हाही ती येई आणि भिंतीला टेकून डोळे मिटून राही.

हळदीच्या आदल्या दिवशी तिने विग चढवला. आरशात पाहिलं नाही आधी. दोन्ही हात मागे नेले, केस गोळा केले, एक पीळ, दुसरा पीळ, टोक आत खोचलं आणि हात सोडले. अंबाडा जागचा हलला नाही. काटा नाही, पिन नाही. मग ती आरशाकडे वळली.

"आली," ती म्हणाली. एवढंच.

वर्षाली शेजारी उभी होती. तिने आईच्या अंबाड्याला बोट लावून पाहिलं, आणि नंतर किती तरी वेळ फोनमध्ये डोकं घालून बसली.

चंद्रभागा हळदीला नाचली, असं राजरत्नच्या कानावर आलं. दिवाळीनंतर ती गेली, तेही.

पंधरा दिवसांनी वर्षाली दुकानात आली. हातात पिशवी होती, अंगापासून लांब धरलेली.

"हे परत घ्या," ती सिद्धेशला म्हणाली. "मेलेल्या माणसाचे केस घरात नको म्हणतात सगळे. माझ्या सासरी तर पिशवीसुद्धा आत येऊ दिली नाही. सासूबाईंना उलटी झाली नुसतं बघून."

"खाडीत सोडायचा होता," राजरत्नच्या तोंडून निघून गेलं.

"भाऊ बोलला, जाळी नायलॉनची आहे, मासे अडकतील." तिने पिशवी टेबलावर ठेवली आणि रुमालाने बोटं पुसली. दारापर्यंत गेली, दार ढकललं, आणि मागे न बघता म्हणाली, "काका, सुकं विंचरू नका. तिला चालायचं नाही."

दार बंद झालं. सिद्धेशने पिशवीत डोकावून शीळ घातली.

"राजाभाऊ, हातविणीचं काम आहे, असं फुकट घालवायचं नाही. खोला, औषध मारा, सरळ करा. पुढच्या ऑर्डरला लावून टाकू."

"कॅन्सरने गेलेल्या बाईचे आहेत."

"केसावर लिहिलंय का?"

राजरत्नला शिसारी आली. गुंतवळाच्या पोत्यातल्या लिखांची आली नव्हती, सडक्या अंड्यांच्या औषधाची आली नव्हती, एवढी. मढ्याच्या टाळूवरचं लोणी खाणारी माणसं असतात हे तो ऐकून होता, आणि आज त्यातला एक इस्त्रीचा शर्ट घालून थंड हवेत समोर उभा होता. त्याहून वाईट हे की अठ्ठावीस वर्षं ते लोणी काढून द्यायला आपलेच हात होते. पोत्यातला प्रत्येक गुंता कोणाचा तरी होता. त्याने कधी विचारलं नाही, कारण विचारलं असतं तर हात चालले नसते.

तो पिशवी घेऊन मागच्या खोलीत गेला आणि कडी लावली.

बादली भरली. विग पाण्यात सोडला, बोटं फिरवली, वरून खाली, घाई न करता. थेंबभर खोबरेल. चंद्रभागेने शिकवलं त्या दिवसापासून एक जुना बनियन तो फळीवर धुऊन, घडी घालून ठेवत असे. टोकं त्यात धरली आणि खालून वर दाबत गेला. पिळलं नाही. लाकडी डोक्यावर विग ठेवला, पंखा बारीक केला आणि हात मांडीवर ठेवून बसला. हळूहळू लाटा वर आल्या, एकीत एक.

दुपारी दारावर थाप पडली. त्याने कडी काढली.

"मारलं औषध?"

"दोनदा मारलं," राजरत्न म्हणाला. "मोडत नाही."

"काय मोडत नाही?"

"लाट. सरळ करतो, परत येते. असतो एखादा केस असा. ऑर्डरला लावाल तर गिऱ्हाईक आठ दिवसांत भांडायला येईल. नाव खराब होईल."

सिद्धेशने लाकडी डोक्याकडे पाहिलं. केसांतलं त्याला कधी काही कळलं नव्हतं, आणि कळत नाही हे त्यालाही ठाऊक होतं.

"मग फेकून द्या."

"देतो."

तो गेल्यावर राजरत्नने औषधाची बाटली, जिचं सीलही फुटलं नव्हतं, उचलून खालच्या फळीवर मागे सरकवली. डबा घेतला आणि जिन्याकडे निघाला. दारात थबकला. ओल्या केसांतून सुक्या बोंबलाचा वास येत होता, पुसटसा. सात पाण्यांनी गेला असं त्याला वाटलं होतं, तोच.

तो मागे फिरला, विगशेजारची कात्री आणि आकडे बाजूला सारून टेबलावर जागा केली, डबा उघडला आणि तिथेच जेवायला बसला.