बायकांची पालखी

पालखीच्या दिवशी सकाळी नीराबाईंच्या चुलीवर घावन होत असत. त्या दिवशीही तवा तापला होता आणि अंगणात त्यांचे पती दयाराम, आळीचे मुख्य पंच, पालखीचा दांडा काढून त्याला तेल चोळीत बसले होते.

खाडीकाठच्या या नव्या आळीचा सारा इतिहास त्या दांड्याशी बांधलेला होता. दोन पिढ्यांमागे म्हसळ्याकडच्या एका गावाने काही कुटुंबांना वाळीत टाकले. त्यांच्यापैकी दयारामांचे आजोबा वारले, तेव्हा घरचे पुरुष मुंबईत होते आणि गावातील एकही माणूस तिरडीला हात लावीना. अखेर चार बायकांनी ती वाहिली. नीराबाईंच्या सासूबाई त्यांतल्या एक. पुढे ही माणसे शहरात उतरली, खाडीच्या चिखलात भराव घालून राहिली, आणि देवीची पालखी केवळ बायकांनीच उचलावी, पुरुषाने तिला खांदा देऊ नये, अशी रीत त्यांनी घालून दिली.

ज्याने घाव सोसला तो दुसऱ्यावर घाव घालणार नाही, हा आपला भाबडा समज आहे. भांड्याकुंड्यांबरोबर या लोकांनी पंचांची गावकीही उचलून आणली होती. आळीतल्या धर्माजीच्या मुलीने, तेजस्वीने, परजातीत लग्न केले आणि शिमग्यापासून त्या घराला आळीत कोणी किराणा देईना, रिक्षात घेईना, हाकेला ओ देईना.

पहिले घावन तव्यावर असतानाच धर्माजीचा मुलगा रतन अंगणात आला. वडील पहाटे वारले होते. त्याला खांदेकरी हवे होते. बहिणीशी नाते तोडल्याचे देवीपुढे जाहीर कर, मग माणसे मिळतील, असे दयारामांनी सांगितले. रतनने नकार दिला.

"काका, तुमच्या आज्याला तरी कोनी खांदा दिला व्हता?"

दांडा दयारामांच्या हातातच होता. पहिला तडाखा रतनच्या जबड्यावर बसला. शेजारच्या ओट्यांवरून माणसे उतरली. पडलेल्या पोराच्या बरगड्यांवर लाथा बसू लागल्या. सारवलेल्या अंगणात रक्ताबरोबर दोन दात पडले. नीराबाई उलथने धरून दारात उभ्या राहिल्या. मागे घावन करपून घरभर धूर झाला, तरी त्यांचे पाऊल उंबऱ्याबाहेर पडले नाही.

"पूस तो दांडा," दयाराम म्हणाले. "देवीला उशीर नको."

नीराबाईंनी तो पुसला.

दुपारी पालखी निघाली. पुढचा खांदा नीराबाईंचा, मागचा त्यांची जाऊ ठमी हिचा. धर्माजीच्या दारी तिरडी बांधून तयार होती. शेजारी त्याची बायको जनी आणि तेजस्वी बसल्या होत्या. जबडा फडक्याने बांधलेला रतन भिंतीला टेकून कण्हत होता. गावकीच्या नियमानुसार त्या दारापुढून तोंड फिरवून जायचे. नीराबाईंनी तोंड फिरवले, तेव्हा दांड्याच्या रेघांत सुकलेले रक्त त्यांच्या गालाशी आले.

"ठमे, टेकव."

"वैनी, भावजी जीव घेतील."

"घेऊ दे. टेकव."

पालखी जमिनीला लागली. नीराबाई तिरडीकडे वळल्या, तोच दयारामांची काठी त्यांच्या उजव्या खांद्यावर उतरली. हाड मोडल्याचा आवाज वाजंत्र्यांनीही ऐकला. हात लुळा पडला. त्या गुडघ्यांवर आल्या आणि पुन्हा उठल्या.

"ह्यो खांदा गेला," त्या नवऱ्याला म्हणाल्या. "दुसरा हाय."

त्यांनी डावा खांदा तिरडीखाली घातला. जनी उठली, तेजस्वी उठली. चौथी जागा क्षणभर रिकामी राहिली. मग ठमीने पदर खोचला.

खाडीवरच्या स्मशानातून चौघी परतल्या, तेव्हा पालखी तिथेच होती. रीतीप्रमाणे पुरुषांना तिला खांदा देता येत नव्हता आणि बाकीच्या बायका आपापल्या दारातून हलत नव्हत्या. दयारामांचा आवाज प्रथमच खाली आला. झाले ते झाले, आता देवीला देवळात ने, असे ते म्हणाले.

नीराबाईंनी ठमीच्या हातून दांडा काढवला. वाळीत टाकणे हा आता कायद्याने गुन्हा आहे, हे आळीत सर्वांना ठाऊक होते. पोलीस ठाण्याची वाट मात्र आजवर कोणी धरली नव्हती. आळीबाहेरची रिक्षा बोलावून, रतनला तीत बसवून, रक्ताच्या रेघांचा तो दांडा घेऊन त्या ठाण्याकडे निघाल्या.

मागे भर रस्त्यात देवी बसून राहिली. तिच्याभोवती आळीचे सारे पुरुष उभे होते, आणि तिला उचलणारे कोणी नव्हते.