ममताचे चारशे शब्द

चारशे अवघड इंग्रजी शब्द, प्रत्येकाचा उच्चार देवनागरीत आणि खाली अर्थ. लग्नपत्रिका कापून त्यांच्या पाठच्या कोऱ्या बाजूंवर ममताने ही कार्डं केली होती. दिवल्या पावराची ही मुलगी शिरपूरकडच्या आमच्या शाळेत दहावीला होती, वसतिगृहात राहायची. धुळ्याच्या शब्दस्पर्धेला शाळेतून एकच नाव जाणार होतं, आणि ते ममताचं, हे मीच भर वर्गात सांगितलं होतं. मी इंग्रजीचा मास्तर, नऊ वर्षं तासिका तत्त्वावर लोंबकळणारा.

मग संस्थाचालक हितेंद्रभाऊंनी बोलावून घेतलं.

"सर, आमच्या मुलीचं, कामिनीचं नाव पाठवा. तुमच्या कायम होण्याचं मी बघतो."

मी विचार करायच्या आत माझी मान हलली.

महिनाभर ममताने कामिनीला शिकवलं. क्विडनंक म्हणजे सतत नव्या बातम्या हुंगत फिरणारा माणूस. डिफेनेस्ट्रेशन म्हणजे माणसाला खिडकीतून बाहेर फेकणं. सगळे उच्चार तिने कामिनीच्या मोबाईलमध्ये बोलून दिले आणि मी वर तिला शाबासकी दिली. लाज कोळून प्यालं की हे जमतं.

ममतालाही धुळ्याला नेलंच. स्वागताच्या आदिवासी नृत्यात. पाहुणे येणार म्हटलं की आमच्या शाळेला पावरा मुलींची हमखास आठवण होते.

कामिनी पहिली आली. हितेंद्रभाऊंनी सर्वांदेखत माझ्या पाठीवर थाप मारली, आणि खोटं कशाला बोलू, मला बरं वाटलं.

दिवल्या शेवटच्या रांगेत बसला होता. मुलीचं नाव कापल्याचं त्याला कुणी कळवलं नव्हतं; ते काम माझं होतं. सभागृह रिकामं व्हायला लागलं तसा तो हात जोडून माझ्यापुढे येऊन उभा राहिला आणि अहिराणीत विचारू लागला.

"सर, मनी पोर कव्हय बोलनार शे? बठ्ठा गावले सांगेल शे मी."

सगळ्या गावाला सांगून आलेल्या बापाला पोर कधी बोलणार हे सांगायचं टाळून, "छान नाचली की," मी म्हणालो.

बाजूला ममता पायातले घुंगरू सोडत होती. ती उठली आणि बापाशी त्यांच्या पावरी बोलीत बोलली. दोनच वाक्यं. नऊ वर्षं या मुलांना शिकवतोय, पण त्यांच्या बोलीतला एकही शब्द मला येत नव्हता.

"काय सांगितलंस?" मी विचारलं.

विचारल्याबरोबर अर्थ सांगणारी पोर खाली वाकून घुंगरू गोळा करू लागली. दिवल्याने जोडलेले हात खाली घेतले आणि माझ्याकडे न बघता तिला घेऊन तो निघून गेला.