जगनचा अळणी हट्ट

खाडीचं पाणी अडवणाऱ्या उघाडीची फळी कुणी काढली, यावरून जगन आणि त्याचा धाकटा भाऊ कमलाकर भर उन्हात मिठागराच्या बांधावर भिडले. फळी निघाली तशी भरतीचं पाणी आत घुसलं आणि जगनच्या कोंडीच्या वाफ्यात जमलेलं मीठ विरघळून गेलं. कमलाकरची कोंडी तेवढी वाचली.

"तुज्या कोंडीतला खडा मी जिबंवर ठेवनार नाय!" जगन गरजला.

"नको ठेवू! दुकानातून पुडी आन!"

इथंच घोडं पेंड खात होतं. पनवेलच्या खाडीकाठी मिठागरवाल्यानं दुकानातून मीठ आणलं तर सात पिढ्यांचं नाक कापलं जातं. शेजारी मागणं त्याहून वाईट. झालं, जगन अळणी जेवायला लागला. त्याच्या बायकोनं, भामानं, एकदा आमटीत कमलाकरच्या मिठाची चिमूट गुपचूप टाकली, तर मेल्यानं ताट अंगणात भिरकावलं. कुत्र्याची चंगळ झाली.

वर मे महिन्याचं ऊन. कोंडी साफ करताना घामानं निथळायचा आणि माठच्या माठ पाणी ढोसायचा. आठवड्यात डोकं दुखायला लागलं, ओकाऱ्या झाल्या, तोल जायला लागला. ऊन लागलं असंल, म्हणून भामानं कांदा फोडून हुंगवला.

पण एका सकाळी कमलाकर दारावरून चालला होता, तर जगननं उठून हात जोडले. "या पावनं, बसा. च्या घ्या."

भामा हातातलं काम टाकून दारात धावली. शुद्धीतला जगन या भावाला च्या पाजंल? मेला तरी नाही! "भावजी," ती ओरडली, "ह्यांचं काय खरं नाय! टेंपो आना!"

पनवेलच्या दवाखान्यात डॉक्टर अरुंधतीबाईंनी रक्त तपासलं आणि कपाळाला आठ्या घातल्या. "सोडियम, म्हणजे रक्तातलं मीठ, फार उतरलंय. घामातून गेलं, रोज घेतात त्या प्रेशरच्या गोळीनं लघवीतून गेलं, आणि हे नुसतं पाणी पीत बसले. मेंदूला सूज आलीय. जिवाला धोका आहे."

"अगो बाय! मिठागरवाल्याच्या अंगात मीठ नाय?" भामाला हसावं की रडावं कळेना. मग रडलीच.

कमलाकर गायब झाला तो खांद्यावर मिठाचं पोतं घेऊनच उगवला. "डाक्टरीनबाय, घाला किती लागंल तेवढं!"

"वेडे आहात का? हे उतरवा खाली!" बाई कडाडल्या. "मीठ एकदम वाढलं तर मेंदू कायमचा अधू होईल. सलाईनमधून हळूहळूच द्यायचं, सारखं रक्त तपासत. आणि पाणी मोजूनच प्यायचं."

भामा बाटलीतल्या थेंबांकडे बघत बसली. एवढ्या घाईच्या माणसाला एवढं हळू औषध! नवऱ्याला मनातल्या मनात शिव्या घालत तिनं होत्या नव्हत्या त्या सगळ्या देवांना नारळ बोलले.

दुसऱ्या दिवशी जगननं डोळे उघडले. पायथ्याशी कमलाकर.

"ह्यो हरामखोर हितं काय करतोय? उघाडी तुजा बाप बगतोय काय?"

"वयनी, आला! दादा आला गो!" कमलाकर पोरासारखा रडायला लागला. भामानं पदर तोंडात कोंबला.

संध्याकाळी डॉक्टरीणबाईंच्या परवानगीनं तिनं पेज भरवायला घेतली. पहिला घोट घेऊन जगन थबकला. "मीठ कुनाच्या कोंडीतलं?"

"गिळा गपचूप!" भामा कडाडली.

जगननं भावाकडे बघितलं. कमलाकर खिडकीबाहेर बघत होता. जगननं घोट गिळला आणि वाडगा पुढं केला.

"अळणी हाय गो. आनखी जरा टाक त्यातलं."